सटवीचा लेख आणि वैद्याचे हात

१

मूल जन्मल्यावर सहाव्या रात्री सटवी येते आणि त्याच्या कपाळावर त्याचे भविष्य लिहून जाते, ही समजूत महाराष्ट्रात सर्वदूर आढळते. पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवायची, दिवा विझू द्यायचा नाही, घरच्या बायकांनी बाळंतिणीसोबत जागायचे, असा हा विधी. संस्कृतातील षष्ठी म्हणजेच आपली सटवी. लोकसाहित्याच्या तासाला हे सारे आम्ही दरवर्षी शिकवतो. सटवी जन्मरात्री न येता सहाव्याच रात्री का येते, हा प्रश्न मात्र वर्गात क्वचितच विचारला जातो.

अस्वच्छ विळ्याने किंवा पात्याने नाळ कापली, तीवर राख अथवा शेण लावले, की धनुर्वाताचे जंतू शरीरात शिरतात. त्यांची लक्षणे बहुधा पहिल्या आठवड्याच्या अखेरीस दिसू लागतात. दोनतीन दिवस नीट दूध ओढणारे मूल अचानक स्तन तोंडात धरीनासे होते, जबडा आवळला जातो, अंग धनुष्यासारखे ताणते. पाचवी-सहावी पार पडणे म्हणजे काय, हे ज्या घरांतून अशी मुले गेली त्यांना वेगळे सांगावे लागत नसे. सटवीचा विधी या रोगातून जन्मला असे आमचे म्हणणे नाही, कारण तसे सिद्ध करता येणार नाही. पण ज्या दिवसांत भय सर्वांत दाट असते, त्याच दिवसांत ही देवता लेखणी घेऊन उभी आहे, एवढे निश्चित. सुश्रुताच्या उत्तरतंत्रात नऊ बालग्रह सांगितले आहेत. रेवती आणि पूतना त्यांतल्याच. ज्या पूतनेला आपण कृष्णकथेतून ओळखतो, ती वैद्यकाच्या ग्रंथात तान्ह्या मुलांना झडपणाऱ्या आजाराचे नाव आहे. कारण सापडत नाही तेथे माणूस पात्र निर्माण करतो. साहित्याच्या अभ्यासकाला याचे नवल वाटू नये.

बाळंतिणीच्या आणि नवजात बालकाच्या जंतुदोषाचा इतिहास बहुधा शोधकांच्या शौर्यकथेसारखा सांगितला जातो. प्रस्तुत लेखात आम्हांला तो जरा निराळ्या अंगाने वाचावयाचा आहे. खुणा कोणाला दिसल्या, त्या कोणी लिहून ठेवल्या आणि त्यांवर विश्वास कोणाचा बसला, हे आमचे तीन प्रश्न आहेत. ते वाङ्मयाच्या अभ्यासाचेही प्रश्न आहेत, म्हणून हा विषय येथे परका ठरू नये.

२

इंग्रजी साहित्याच्या विद्यार्थ्याला मेरी वोलस्टोनक्राफ्ट हे नाव परिचित असते. स्त्रियांच्या हक्कांची कैवारी असलेली ही लेखिका ३० ऑगस्ट १७९७ रोजी लंडनमध्ये बाळंत झाली. प्रसूती सुईणीने पार पाडली. मुलगी सुखरूप जन्मली, पण वार अडकली. तेव्हा डॉक्टरांना बोलावणे गेले. त्यांनी हात घालून वार तुकड्यातुकड्यांनी काढली. काही दिवसांतच बाळंतिणीला हुडहुडी भरू लागली आणि १० सप्टेंबरला ती गेली. पुढल्याच वर्षी तिचे पती विल्यम गॉडविन यांनी तिचे चरित्र प्रसिद्ध केले. त्यात हे अखेरचे दिवस असे बारकाव्याने नोंदलेले आहेत की आजचा वैद्यही त्यावरून रोगनिदान करू शकेल. मागे राहिलेली मुलगी म्हणजे 'फ्रँकेन्स्टाइन'ची लेखिका मेरी शेली. तिचेही पहिले अपत्य, १८१५ मध्ये अपुऱ्या दिवसांचे जन्मलेले, दोन आठवड्यांच्या आतबाहेर दगावले. ज्या कादंबरीत आईवाचून जीव निर्माण होतो, ती कादंबरी लिहिणाऱ्या स्त्रीच्या आयुष्यात बाळंतिणीची खोली आणि मृत्यू यांची अशी शेजारशेज होती.

वोलस्टोनक्राफ्टच्या मृत्यूपूर्वी दोन वर्षे, १७९५ मध्ये, स्कॉटलंडातील ॲबरडीन येथील डॉक्टर अलेक्झांडर गॉर्डन यांचा एक छोटा ग्रंथ निघाला होता. १७८९ ते १७९२ या काळात त्यांच्या शहरात बाळंतज्वराची साथ आली होती. त्या काळी या रोगाची कारणे पुष्कळ सांगत: दूषित हवा, अंगावरचे दूध रक्तात शिरणे, मनाला बसलेला धक्का. गॉर्डन यांनी यांपैकी काहीच न मानता एक तक्ता केला. त्यात ७७ रुग्ण स्त्रिया, त्यांच्या आजाराची तारीख, त्या वाचल्या की गेल्या याची नोंद आणि अखेरच्या रकान्यात प्रसूती कोणाच्या हातून झाली त्याचे नाव. तक्ता उभा वाचावा तर मृत्यूंची यादी, आणि आडवा वाचावा तर तीच ती मोजकी नावे पुन्हा पुन्हा येतात. रोग हवेतून येत असता तर तो साऱ्या शहरात सारखा पसरला असता. तो मात्र ठरावीक सुइणी आणि ठरावीक डॉक्टर यांच्या मागोमाग दारोदार फिरत होता.

त्या नावांत खुद्द गॉर्डन यांचेही नाव होते. आपल्याच हातून अनेक स्त्रियांना रोग लागला, हे त्यांनी छापील ग्रंथात कबूल केले. कपडे जाळावेत किंवा धुरी द्यावी, हात धुवावेत असा उपायही सुचवला. परिणाम काय झाला? सुइणी संतापल्या, शहर फिरले. गॉर्डन यांनी ॲबरडीन सोडले आणि १७९९ मध्ये क्षयाने त्यांचा अंत झाला. त्यांचा तक्ता पुढील अर्धशतक जवळजवळ कोणी वाचला नाही.

३

व्हिएन्नाच्या सार्वजनिक रुग्णालयाची कथा अधिक प्रसिद्ध आहे. तरी तिचा तपशील पुन्हा पाहण्यासारखा आहे. तेथे गरीब, बहुशः अविवाहित स्त्रियांना प्रसूतीसाठी विनामूल्य घेत. त्याचा मोबदला म्हणून त्यांच्या शरीरावर विद्यार्थी शिकत. १८४० पासून दोन विभाग पूर्ण वेगळे झाले. पहिल्यात वैद्यकाचे विद्यार्थी शिकत, दुसऱ्यात सुइणी. दाखल करून घेण्याचे दिवस दोहोंनी वाटून घेतले होते. कोणत्या दिवशी वेणा सुरू होतात, यावर स्त्रीला कोणता विभाग मिळायचा ते ठरे. १८४१ ते १८४६ या सहा वर्षांत पहिल्या विभागात २०,०४२ प्रसूतींमागे १,९८९ माता दगावल्या, दुसऱ्यात १७,७९१ प्रसूतींमागे ६९१. एकच इमारत, एकच हवा, एकाच थरातल्या स्त्रिया, आणि मृत्यूचे प्रमाण अडीच पटींहून अधिक.

हा फरक प्रथम कोणाला कळला? पाठ्यपुस्तके सांगतात, इग्नाझ सेमेलवाइस यांना. बुडा येथे १८१८ मध्ये जन्मलेले हे तरुण डॉक्टर १८४६ मध्ये पहिल्या विभागात सहायक म्हणून रुजू झाले. परंतु ते येण्यापूर्वीच साऱ्या गरीब वस्तीला ही गोष्ट ठाऊक होती. पहिल्या विभागात घातले जाणार असे कळताच स्त्रिया गुडघे टेकून विनवणी करीत, की आम्हांला दुसरीकडे न्या. हे स्वतः सेमेलवाइस यांनीच नोंदवले आहे. काहीजणी तर रस्त्यातच बाळंत होत आणि मग मूल घेऊन रुग्णालयात येत. रस्त्यावर, कोणाच्याही मदतीवाचून बाळंत झालेल्या या स्त्रियांना ज्वर कमी होतो, हे पुढे तपासात दिसून आले. म्हणजे निदान आधी झाले होते. ते करणाऱ्यांना निदान करण्याचा अधिकार नव्हता, इतकेच.

सेमेलवाइस यांचे मोठेपण असे की त्यांनी त्या भीतीला माहिती मानले. मग त्यांनी एकेक कारण घेऊन खोडून काढले. गर्दी म्हणावी तर ती दुसऱ्या विभागात अधिक. मरणासन्न स्त्रीकडे घंटा वाजवीत जाणाऱ्या धर्मगुरूच्या भीतीने ज्वर येतो म्हणावे, तर घंटा बंद करून आणि वाट बदलूनही मृत्यू थांबले नाहीत. १८४७ च्या मार्चमध्ये त्यांचे सहकारी याकोब कोलेच्का शवविच्छेदन करताना विद्यार्थ्याच्या सुरीने बोटाला जखम होऊन दगावले. त्यांच्या शवात तेच बदल आढळले जे बाळंतिणींच्या आणि त्यांच्या मेलेल्या तान्ह्या मुलांच्या शवांत आढळत. पुरुष, बाळंतीण आणि नवजात अर्भक या तिघांच्या मरणाचा धागा एक निघाला. विद्यार्थी आणि डॉक्टर शवागारातून थेट प्रसूतिकक्षात येत, सुइणी शवागारात जात नसत. त्यांच्या हातांना चिकटून काहीतरी येत होते.

मे महिन्याच्या मध्यापासून क्लोरीनयुक्त चुन्याच्या पाण्यात हात धुणे सक्तीचे झाले. एप्रिलमध्ये मृत्यूचे प्रमाण शेकडा १८ हून अधिक होते, जूनमध्ये ते २.२ झाले. १८४८ या पूर्ण वर्षात ३,५५६ प्रसूतींमागे ४५ मृत्यू. दोन विभागांमधील अंतर जवळपास पुसले गेले.

येथे एक सावधगिरी बाळगायला हवी. सुइणींचे हात मुळात पवित्र होते असा याचा अर्थ नाही. ॲबरडीनच्या तक्त्यात सुइणीही होत्या आणि आपल्याकडे नाळेला राख लावणारे हातही स्त्रियांचेच होते. व्हिएन्नातील सुइणींचे हात केवळ प्रेतांपासून दूर होते. गंमत अशी की त्याच रुग्णालयात पूर्वी योहान बोएर हे प्राध्यापक प्रेतांऐवजी पुतळ्यावर शिकवीत आणि त्यांच्या काळात, १८२२ पर्यंत, बाळंतिणींचे मृत्यू कमी होते. त्यांच्यानंतर शवविच्छेदनाची शास्त्रशुद्ध पद्धत आली आणि मृत्यू वाढले. विद्येच्या प्रगतीतूनच मरणाची वाट निघाली, हा या कथेतला खरा पेच आहे. तो पाहण्यासाठी केवळ हुशारी पुरत नाही. त्यासाठी स्वतःच्या विद्येकडे संशयाने पाहावे लागते.

४

इतका स्पष्ट पुरावा हाती असताना सेमेलवाइस हरले का? वरिष्ठांचा अहंकार, व्हिएन्नातील राजकारण, १८४८ ची क्रांती ही कारणे सांगितली जातात आणि ती खरी आहेत. आम्हांला मात्र त्यांत आणखी एक कारण जोडावेसे वाटते, ते गद्याचे. सेमेलवाइस यांना लिहिण्याचा तिटकारा होता. आपल्या शोधाविषयी त्यांनी स्वतः काही न लिहिता मित्रांना लिहू दिले. १८४७ च्या अखेरीस आणि पुढील वर्षी फर्डिनांड हेब्रा यांनी लहानसे लेख लिहिले. त्या दुय्यम वृत्तांतांतून दूरच्या डॉक्टरांच्या मनात इतकेच पोहोचले, की प्रेताचा संपर्क वाईट. वास्तविक सेमेलवाइस यांचा विचार पुढे गेला होता. गर्भाशयाच्या कर्करोगाने पू वाहणाऱ्या एका जिवंत रुग्णेला तपासल्यानंतर त्याच रांगेतील बाळंतिणी भराभर दगावल्या, तेव्हा कुजणारा कोणताही सेंद्रिय अंश घातक हे त्यांना उमगले होते. पण ते वेळेवर आणि नेटके लिहिले गेले नाही.

मूळ ग्रंथ यायला १८६१ साल उजाडले. तो पाचशेहून अधिक पानांचा, पुनरुक्तीने भरलेला, आकड्यांच्या तक्त्यांत मधूनमधून कडवटपणा सांडणारा असा ग्रंथ आहे. त्यानंतर त्यांनी उघडी पत्रे लिहिली आणि विरोधी प्राध्यापकांना खुनी ठरवले. त्यांचे म्हणणे चुकीचे होते काय? नव्हते. तरी ज्याला खुनी म्हटले तो माणूस हात धुवायला सिद्ध होत नाही. १८६५ मध्ये त्यांना व्हिएन्नातील वेड्यांच्या इस्पितळात नेण्यात आले आणि १३ ऑगस्टला, वयाच्या ४७ व्या वर्षी, जखमेतून रक्तात भिनलेल्या विषाने ते वारले. ज्या रोगाशी ते झुंजले, त्याच जातीच्या रोगाने.

याउलट उदाहरण अमेरिकेतले आहे. ऑलिव्हर वेंडेल होम्स हे बॉस्टनचे डॉक्टर कवी आणि निबंधकार म्हणूनही प्रसिद्ध होते. सेमेलवाइस यांच्या चार वर्षे आधी, १८४३ मध्ये, त्यांनी बाळंतज्वराच्या सांसर्गिकतेवर निबंध लिहिला. त्यांनी नवा प्रयोग केला नाही. गॉर्डनसकट इतरांच्या नोंदी त्यांनी एकत्र केल्या आणि वकिलाने खटला उभा करावा तशा एकामागून एक मांडल्या. एकाच डॉक्टरच्या हातून लागोपाठ असे रुग्ण निघू लागले तर त्याला दुर्दैव म्हणणे सोडून अपराध म्हणण्याची वेळ आली आहे, असा त्यांचा निष्कर्ष होता. फिलाडेल्फियाचे मान्यवर प्राध्यापक चार्ल्स मेग्ज यांनी त्यांची खिल्ली उडवली. न कळणाऱ्या संसर्गापेक्षा योगायोग किंवा ईश्वरी इच्छा हे कारण आपल्याला अधिक पटते, असा त्यांचा पवित्रा होता. सटवी केवळ खेड्यांतच राहत नाही, हे येथे ध्यानात यावे. होम्स यांनी १८५५ मध्ये तोच निबंध प्रस्तावनेसह पुन्हा छापला. शिवीगाळीला त्यांनी उत्तर दिले नाही, नोंदी मात्र वाढवल्या. त्यांचाही तत्काळ विजय झाला नाही, पण त्यांचा निबंध आजही वाचला जातो. पुराव्याला वाक्यरचना लागते, हा धडा साहित्याच्या शिक्षकांनी विज्ञानाच्या विद्यार्थ्यांना द्यायला हरकत नाही.

त्याच फिलाडेल्फियात, स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयात, मार्च १८८६ मध्ये आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या. चौदाव्या वर्षी झालेले त्यांचे मूल दहा दिवसांत गेले होते. ते कशाने गेले याचे निदान आज करता येणार नाही आणि करूही नये. परंतु पदवीसाठी त्यांनी लिहिलेल्या प्रबंधाचा विषय होता आर्य हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र. 'आनंदी गोपाळ' या श्री. ज. जोशी यांच्या कादंबरीने आनंदीबाई मराठी वाचकांच्या मनात पत्नी म्हणून कायमच्या ठसवल्या. प्रबंध लिहिणाऱ्या आनंदीबाई त्यामानाने आम्ही कमीच वाचतो. एका बाळंतिणीने स्वतःच्या खोलीविषयी ग्रंथ लिहावा, ही घटना आमच्या वाङ्मयेतिहासात तळटीप होऊन राहिली आहे.

५

१८७९ मध्ये पॅरिसच्या वैद्यक अकादमीत एक वक्ता बाळंतज्वराच्या कारणांवर बोलत असता लुई पाश्चर यांनी त्याला थांबवले आणि फळ्यावर गोल ठिपक्यांची साखळी काढून दाखवली. पुढे स्ट्रेप्टोकोकस या नावाने ओळखला गेलेला हा जंतू. सहाव्या रात्रीच्या अदृश्य अक्षरांना प्रथमच वळण मिळाले, असे म्हणता येईल.

पण कारण दिसले म्हणून मरण थांबत नाही. जंतुनाशके आली, प्रसूतिगृहे सुधारली, तरीही इंग्लंडमधील एकूण मातामृत्यूचे प्रमाण १९३० च्या दशकाच्या मध्यापर्यंत विशेष उतरले नव्हते. मोठी प्रसूतिगृहे सुधारली तरी बहुसंख्य बाळंतपणे घरी होत. जंतू केवळ हातांवर नसतो, तपासणाऱ्याच्या घशातही असतो, हेही हळूहळू कळत गेले. १९३६ मध्ये लंडनच्या क्वीन शार्लोट रुग्णालयात लिओनार्ड कोलब्रुक यांनी प्रॉन्टोसिल हे गेर्हार्ड डोमाक यांनी शोधलेले लाल औषध बाळंतज्वरावर वापरले. पहिल्या ६४ रुग्णांपैकी तीनच दगावल्या. सल्फा आणि नंतर पेनिसिलिन यांमुळे श्रीमंत देशांत बाळंतज्वर हा शब्दच विस्मरणात गेला.

आईला वाचवणारी ही औषधे आल्यावर मुलाकडे लक्ष गेले. स्ट्रेप्टोकोकसची गटवारी रिबेका लान्सफील्ड यांनी १९३३ मध्ये केली होती. त्यांतला 'ब' गट स्त्रीच्या शरीरात काही त्रास न देता नांदतो, पण जन्मताना मुलाला लागला तर काही तासांत त्याचा जीव घेऊ शकतो. १९७० च्या दशकात अमेरिकेत नवजात बालकांच्या गंभीर आजारांत तो आघाडीवर होता. प्रसूतीच्या काही आठवडे आधी प्रत्येक गर्भवतीची तपासणी करावी आणि जंतू आढळल्यास वेणा चालू असताना पेनिसिलिन द्यावे, अशी शिफारस तेथे २००२ मध्ये झाली. रोगाला मुलापर्यंत पोहोचू न देता आईतच अडवण्याची ही कल्पना. आई आणि मूल हे दोन रुग्ण नसून एकच प्रश्न आहेत, हे वैद्यकाने मान्य केल्याची ही खूण आहे.

६

आता आपल्या भूमीवर येऊ. नवजात मुलाच्या जंतुदोषाचे निदान मोठ्या माणसासारखे होत नाही. मोठ्याला ताप चढतो, तान्हे मूल उलट गार पडते. मोठा माणूस दुखते तेथे हात ठेवतो, तान्हे रडणेच बंद करते. रक्तात जंतू वाढवून पाहण्याची तपासणी दोनतीन दिवस घेते आणि मूल तेवढे थांबत नाही. रुग्णालय दूर, बाळंतीण सव्वा महिना घराबाहेर न पडणारी, अशा ठिकाणी काय करावे?

डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' या संस्थेने गडचिरोली जिल्ह्यात या प्रश्नाला हात घातला. ३९ गावांत पाचवी ते दहावी शिकलेल्या स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून तयार करण्यात आले आणि ४७ गावे तुलनेसाठी ठेवण्यात आली. आरोग्यदूत घरोघर जाऊन बाळाचे वजन घेई, अंगाची ऊब पाही, लिहून ठेवी. जंतुदोषाची लक्षणे दिसली आणि आईवडिलांनी संमती दिली तर जेंटामायसिनचे इंजेक्शन आणि तोंडाने द्यायचे औषध तीच देई. गावातल्या बाईच्या हाती सुई द्यायची, तीही इतक्या कोवळ्या जिवासाठी, ही त्या काळी सोपी गोष्ट नव्हती. डिसेंबर १९९९ मध्ये 'लॅन्सेट' या नियतकालिकात निष्कर्ष प्रसिद्ध झाले. तिसऱ्या वर्षी नवजात मृत्यूंचे प्रमाण तुलनेतील गावांच्या मानाने ६२ टक्क्यांनी घटले होते. जंतुदोष झालेल्या बाळांपैकी उपचारापूर्वीच्या काळात शेकडा १६.६ दगावत, उपचार सुरू झाल्यावर २.८.

या साऱ्यांत आम्हांला सर्वांत मोलाची वाटते ती लक्षणांची यादी. पुढे २००५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निकषांनुसार सात खुणांपैकी कोणत्याही दोन एकाच वेळी आढळल्या तर उपचार सुरू करावा. दूध ओढणे कमी होणे वा थांबणे, रडणे क्षीण होणे वा बंद पडणे, हातपाय लुळे पडणे, उलटी वा पोट फुगणे, श्वास घेताना छातीचा भाग आत ओढला जाणे, बेंबी पिकणे, आणि बाळ हाताला गार लागते असे आईने सांगणे. शेवटची खूण पुन्हा वाचावी. येथे तापमापकाच्या आकड्याऐवजी आईचे म्हणणे निदानाचा भाग झाले आहे. व्हिएन्नाच्या दारात गुडघे टेकणाऱ्या स्त्रीचे म्हणणे कोणत्याही रकान्यात बसत नव्हते. दीडशे वर्षांनी गडचिरोलीच्या तक्त्यात बाळंतिणीच्या तळहाताला रकाना मिळाला. या इतिहासातील सर्वांत मोठी प्रगती औषधाची की या रकान्याची, हे ठरवणे आम्हांला अवघड जाते.

'सर्च'च्या पुढाकाराने महाराष्ट्रातील बालमृत्यूंची जी पाहणी २००१ मध्ये प्रसिद्ध झाली, तिचे नाव 'कोवळी पानगळ'. अहवालाला असे नाव देणाऱ्यांना भाषेचे सामर्थ्य कळले होते. टक्केवारी विसरली जाते, पानगळ हा शब्द विसरता येत नाही, आणि पाने झडण्याचा ऋतू ठरलेला असला तरी कोवळी पाने झडणे हा ऋतुधर्म नव्हे, हा आक्षेप त्या दोन शब्दांतच आहे. विधिमंडळापासून वृत्तपत्रांपर्यंत तो शब्द पोहोचला. २०११ मध्ये केंद्र सरकारने आशा कार्यकर्तींमार्फत घरोघरी नवजात बालकांची काळजी घेण्याची योजना देशभर स्वीकारली. इंजेक्शनचा अधिकार मात्र आशांना मिळाला नाही. २०१४ च्या मार्गदर्शक सूचनांनी तो, रुग्णालयात नेणे शक्य नसेल तेव्हापुरता, परिचारिकांपर्यंत आला. विश्वास एकदम मिळत नाही, हप्त्याहप्त्याने मिळतो. २०१५ मध्ये भारतातून माता व नवजात बालकांचा धनुर्वात निर्मूलनाच्या पातळीला आल्याचे जागतिक आरोग्य संघटनेने मान्य केले. गर्भवतीला दिलेली लस आणि स्वच्छ पाते, इतक्या साध्या गोष्टींनी सहाव्या रात्रीचे एक जुने भय ओसरले.

७

कथा येथे सुफळ संपूर्ण होत नाही. दिल्लीतील तीन रुग्णालयांत २०११ ते २०१४ या काळात जन्मलेल्या बालकांचा अभ्यास २०१६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात जंतुदोषाला कारण ठरलेल्या ॲसिनेटोबॅक्टर, क्लेबसिएला यांसारख्या जंतूंपैकी मोठा भाग अनेक प्रतिजैविकांना दाद देत नाही असे आढळले. प्रसूती रुग्णालयात व्हावी हे योग्यच आहे, पण व्हिएन्नाचा प्रश्न पुन्हा नव्या रूपात उभा आहे: वाचवणारी जागाच रोगाची जागा झाली तर? दुसरीकडे २०२३ मध्ये सात देशांतील २९ हजारांहून अधिक स्त्रियांवरील अभ्यासाचे निष्कर्ष आले. भारतातील बेळगाव आणि नागपूर ही ठिकाणे त्यात होती. वेणा चालू असताना अझिथ्रोमायसिनची एकच मात्रा दिल्याने मातेचा जंतुदोष किंवा मृत्यू यांचे प्रमाण शेकडा २.४ वरून १.६ वर आले. बालकांच्या जंतुदोषात मात्र फरक पडला नाही. आईला वाचवणारे प्रत्येक पाऊल मुलापर्यंत पोहोचतेच असे नाही. शिवाय प्रत्येक बाळंतिणीला प्रतिजैविक देत गेल्यास उद्या त्याच औषधाला न जुमानणारे जंतू पोसले जातील काय, हा प्रश्न उरतोच.

एका विधानाशी मात्र आम्ही ठाम आहोत. या दोनशे वर्षांत ज्यांनी जीव वाचवले, त्यांनी नियती हा शब्द उच्चारण्यापूर्वी तक्ता तपासला. गॉर्डन यांनी अखेरचा रकाना जोडला, सेमेलवाइस यांनी दोन विभागांची बेरीज शेजारी शेजारी मांडली, गडचिरोलीच्या आरोग्यदूताने बाळाचे वजन वहीत टिपले. साहित्याच्या अभ्यासात आपण कपाळावरच्या लेखाची रूपके सोडवत बसतो, आणि ते काम महत्त्वाचे आहे. सटवीची गाणी, पूतनेच्या कथा यांत शतकानुशतकांच्या आयांचे भय साठलेले आहे. ते हसण्यावारी नेणाऱ्यांच्या पंक्तीत आम्ही नाही. परंतु त्या भयाचा आदर करणे आणि त्याला उत्तर म्हणून लेख टळत नाही असे सांगून मोकळे होणे, या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिली ज्ञानाकडे नेते, दुसरी मेग्ज यांच्याकडे.

लोकसाहित्याच्या पुढच्या तासाला सटवीचा विधी शिकवताना गॉर्डन यांचा तक्ता फळ्यावर काढून दाखवावा, असे आम्ही आमच्या सहअध्यापकांना सुचवू इच्छितो. एकीकडे पाटावरचा कोरा कागद, दुसरीकडे नावांनी भरलेला. कोऱ्या कागदाने माणसाला धीर दिला, भरलेल्या कागदाने त्याला जबाबदार केले. धीर आणि जबाबदारी दोन्हींची गरज बाळंतिणीच्या खोलीत आजही आहे, आणि दुसरीची अधिक आहे.